थकीत बिलांचा संक्षिप्त दावा : बचावाची परवानगी कोणाला आणि कशी?

वाळूज, चिकलठाणा, शेंद्रा या छत्रपती संभाजीनगरच्या औद्योगिक वसाहतींत कारखान्यांच्या आधाराने असंख्य छोट्या सेवा संस्था उभ्या राहिल्या आहेत. सुरक्षारक्षक पुरविणे, साफसफाई, उपाहारगृह, कामगारांच्या बसगाड्या, मालवाहतूक, यंत्रांची देखभाल, संगणक प्रणालीची दुरुस्ती अशी कामे कारखाने बाहेरच्या संस्थांकडे करारावर सोपवितात. महिना संपला की बिल जाते आणि करारात लिहिल्याप्रमाणे तीस, पंचेचाळीस किंवा साठ दिवसांनी पैसे मिळणे अपेक्षित असते. रक्षकांचे आणि सफाई कामगारांचे पगार मात्र साठ दिवस थांबत नाहीत. चार-सहा महिन्यांची बिले थकली की सेवा पुरविणारा कर्ज काढून पगार भागवितो आणि शेवटी न्यायालयाची पायरी चढतो.

अशा वेळी वकील बहुधा एकच शब्द उच्चारतात, 'समरी सूट', म्हणजेच संक्षिप्त दावा. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ३७ खाली दाखल होणारा हा दावा नेहमीच्या दिवाणी दाव्याहून मुळातच वेगळा आहे. नेहमीच्या दाव्यात प्रतिवादीला आपली बाजू मांडण्याचा अधिकार आपोआप असतो. संक्षिप्त दाव्यात तो अधिकार न्यायालयाकडून मागून घ्यावा लागतो. या मागणीलाच 'लिव्ह टू डिफेन्ड', अर्थात बचावाची परवानगी म्हणतात. ती नाकारली गेली तर साक्षी, पुरावे, उलटतपासणी यांपैकी काहीही न होता वादीच्या बाजूने हुकूमनामा होतो. म्हणूनच संक्षिप्त दाव्यातील खरी लढाई परवानगीच्या टप्प्यावर होते, आणि ती लढाई तोंडी युक्तिवादापेक्षा व्यवहार सुरू असताना लिहिल्या गेलेल्या कागदांवर जिंकली किंवा हरली जाते.

पद्धत आली कोठून?

व्यापारी हुंड्या आणि वचनचिठ्ठ्या यांवरील दावे वर्षानुवर्षे रेंगाळू नयेत, यासाठी इंग्लंडमध्ये १८५५ साली विशेष कायदा करण्यात आला. त्याच धर्तीवर भारतात १८६६ चा पाचवा कायदा झाला आणि पुढे ही पद्धत दिवाणी प्रक्रिया संहितेत सामावली गेली. दीर्घकाळ तिचा वापर मुख्यतः मुंबई, कलकत्ता, मद्रास यांसारख्या मोठ्या व्यापारी शहरांतील न्यायालयांपुरता मर्यादित होता. मराठवाडा तेव्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. संस्थान भारतात विलीन झाल्यानंतर दिवाणी प्रक्रिया संहिता येथे १ एप्रिल १९५१ पासून लागू झाली.

संहितेत १९७६ साली मोठी दुरुस्ती झाली आणि ती १ फेब्रुवारी १९७७ पासून अमलात आली. या दुरुस्तीने संक्षिप्त दाव्याचे दार सर्वच दिवाणी न्यायालयांत उघडले. हुंडी व वचनचिठ्ठी यांच्या जोडीला लेखी करारावर आधारलेले ठरावीक रकमेचे दावेही त्यात स्पष्टपणे समाविष्ट झाले. सेवा करारांवरील थकबाकीचे दावे याच दारातून आत येतात.

कोणता दावा बसतो, कोणता नाही?

आदेश ३७ मध्ये दाव्यांचे मोजके प्रकार दिले आहेत. हुंडी, विनिमयपत्र व वचनचिठ्ठी यांवरील दावे हा पहिला प्रकार होय. दुसऱ्या प्रकारात लेखी करारातून निर्माण झालेले ऋण किंवा निश्चित रक्कम, एखाद्या कायद्याने देय ठरलेली निश्चित रक्कम आणि अशा रकमेसाठी दिलेली हमी यांचा समावेश होतो. व्याजाची मागणी जोडता येते. दंडाच्या स्वरूपातील रक्कम मात्र कायद्याने देय ठरलेल्या रकमांतून वगळली आहे.

'निश्चित रक्कम' हे शब्द कळीचे आहेत. करारात दरमहा दर ठरलेला आहे, काम झालेले आहे, बिल दिलेले आहे आणि आकडा साध्या बेरजेने निघतो, असा दावा संक्षिप्त पद्धतीत बसतो. याउलट, करार मुदतीपूर्वी मोडला म्हणून उरलेल्या काळातील नफ्याची भरपाई मागणे हा नुकसानभरपाईचा दावा ठरतो. सर्वोच्च न्यायालयाने १९७४ साली भारत सरकार विरुद्ध रमण आयर्न फाउंड्री या प्रकरणात स्पष्ट केले होते, की करारभंगाची भरपाई न्यायालयाने ठरविल्याखेरीज ती देय ऋण होत नाही. सेवा करारांत ही चूक वारंवार होते. चार महिन्यांची थकीत बिले आणि उरलेल्या आठ महिन्यांचा बुडालेला नफा एकाच वादपत्रात गोवले, की प्रतिवादीला पहिलाच आक्षेप आयता मिळतो. आदेश ३७ च्या कक्षेबाहेरची कोणतीही मागणी केलेली नाही, असे वादपत्रात स्पष्ट लिहावे लागते. दावा या आदेशाखाली आहे, असा उल्लेखही वादपत्रात आणि दाव्याच्या शीर्षकात आवश्यक असतो.

दुसरा प्रश्न लेखी कराराचा. मोठ्या कारखान्यांचे करार सहसा मुद्रांकावर, सही-शिक्क्यासह असतात. लहान व्यवहार मात्र खरेदी आदेश, ई-मेल आणि बिले यांवरच चालतात. मालाची अथवा सेवेची बिले, त्यांवरील अटी आणि समोरच्याने दिलेली पोच यांतून लेखी करार सिद्ध होऊ शकतो, असे मुंबई आणि दिल्ली उच्च न्यायालयांनी निरनिराळ्या प्रकरणांत मान्य केले आहे. तथापि, वादीने एकतर्फी तयार केलेले आणि समोरच्याने कधीच न स्वीकारलेले बिल हा करार होत नाही. ई-मेलच्या छापील प्रती सादर करताना भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ नुसार प्रमाणपत्र जोडावे लागते. हा अधिनियम १ जुलै २०२४ पासून लागू आहे.

दाव्यापूर्वीच्या पायऱ्या

सेवा पुरविण्याचे करार व्यावसायिक न्यायालये अधिनियम, २०१५ मधील 'व्यावसायिक वाद' या व्याख्येत येतात. या कायद्यासाठी दाव्याचे किमान मूल्य सुरुवातीला एक कोटी रुपये होते. २०१८ च्या दुरुस्तीने ते तीन लाखांवर आणले. त्यामुळे आज तीन लाख किंवा त्याहून अधिक रकमेचा थकबाकीचा दावा सामान्यतः नियुक्त व्यावसायिक न्यायालयात दाखल होतो.

येथे एक अट महत्त्वाची आहे. तातडीचा अंतरिम दिलासा मागितलेला नसेल, तर कलम १२-अ नुसार दाव्यापूर्वी मध्यस्थीचा प्रयत्न करावाच लागतो. त्यासाठी विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा लागतो. मध्यस्थीसाठी तीन महिन्यांची मुदत असून दोन्ही पक्षांच्या संमतीने ती दोन महिन्यांनी वाढते. हा काळ मुदतीच्या कायद्यातून वगळला जातो. सर्वोच्च न्यायालयाने १७ ऑगस्ट २०२२ रोजी पाटील ऑटोमेशन विरुद्ध राखेजा इंजिनिअर्स या प्रकरणात ही मध्यस्थी सक्तीची असल्याचा निर्णय दिला. ती टाळून २० ऑगस्ट २०२२ नंतर दाखल झालेले वादपत्र फेटाळले जाऊ शकते. संक्षिप्त दावा हा लवकर निकालासाठी असला, तरी या पायरीतून त्याला सूट नाही.

वसुलीच्या दाव्याची मुदत सामान्यतः तीन वर्षांची आहे. जुनी बिले हळूहळू मुदतबाह्य होत जातात, हे अनेक व्यावसायिकांच्या उशिरा ध्यानात येते. मुदत संपण्यापूर्वी समोरच्याने थकबाकी लेखी मान्य केली, तर त्या तारखेपासून नवी मुदत मोजली जाते. करारातील न्यायक्षेत्राचे कलमही आधी वाचावे. कारखाना वाळूजला असला, तरी 'वाद केवळ पुणे किंवा मुंबई येथील न्यायालयात' असे कलम असल्यास येथील दावा अडचणीत येऊ शकतो. वादी भागीदारी संस्था असेल, तर तिची नोंदणी झालेली असणे आवश्यक आहे. नोंदणी नसलेल्या संस्थेला करारावर दावा करता येत नाही आणि प्रतिवादीचा वकील सर्वप्रथम तेच तपासतो.

दोन वेळा दहा दिवस

संक्षिप्त दाव्यात प्रतिवादीची सर्वाधिक हानी होते ती मुदतीच्या गोंधळाने. दहा दिवसांची मुदत येथे दोनदा येते आणि दोन्हींचा हेतू भिन्न आहे.

दाव्याचे समन्स, वादपत्राची प्रत आणि सोबतचे कागद हाती पडल्यापासून दहा दिवसांच्या आत प्रतिवादीने स्वतः किंवा वकिलामार्फत न्यायालयात उपस्थितीची नोंद करायची असते आणि पुढील नोटिसांसाठी पत्ता द्यायचा असतो. या टप्प्यावर बचाव सांगण्याची गरज नसते. पण नोंदच केली नाही, तर वादपत्रातील कथने मान्य आहेत असे गृहीत धरले जाते आणि वादी हुकूमनाम्यास पात्र ठरतो.

उपस्थितीची नोंद झाल्यावर वादी 'समन्स फॉर जजमेंट', म्हणजे निकालासाठीचे समन्स बजावतो. त्यासोबत शपथपत्र असते. दाव्याचे कारण व रक्कम खरी असून प्रतिवादीपाशी कोणताही बचाव नाही असा आपला विश्वास आहे, असे वादी त्यात शपथेवर सांगतो. हे समन्स मिळाल्यापासून पुन्हा दहा दिवसांत प्रतिवादीने आपल्या शपथपत्रासह बचावाच्या परवानगीचा अर्ज द्यायचा असतो. पुरेसे कारण दाखविल्यास न्यायालय दोन्ही टप्प्यांवरील विलंब माफ करू शकते. परंतु माफी हा न्यायालयाचा विवेकाधिकार आहे. प्रतिवादीला ती हक्काने मागता येत नाही.

मोठ्या संस्थांत समन्स प्रवेशद्वारावर किंवा आवक विभागात स्वीकारले जाते, तेथून मनुष्यबळ विभागाकडे, तेथून मुख्य कार्यालयाकडे जाते आणि वकिलाच्या हाती पडेपर्यंत दहा दिवस उलटून गेलेले असतात. एकदा एकतर्फी हुकूमनामा झाला की तो रद्द करून घेण्यासाठी 'विशेष परिस्थिती' दाखवावी लागते. सर्वोच्च न्यायालयाने २००३ साली रजनी कुमार विरुद्ध सुरेश कुमार मल्होत्रा या प्रकरणात स्पष्ट केले, की केवळ गैरहजेरीचे कारण सांगणे पुरेसे नाही. परवानगी मिळण्याजोगा बचाव आपल्यापाशी होता, हेही दाखवावे लागते.

परवानगीची कसोटी

परवानगी केव्हा द्यावी, या प्रश्नावर सर्वोच्च न्यायालयाचे निर्णय सहा दशकांहून अधिक काळ घडत आले आहेत. १९५८ च्या संतोषकुमार विरुद्ध भाई मूलसिंग या निर्णयात न्यायालयाने सांगितले, की प्रतिवादीने तपासण्याजोगा मुद्दा प्रामाणिकपणे मांडला असेल, तर त्याने कागदोपत्री पुरावा आधीच हजर केला नाही एवढ्याच कारणाने त्याच्यावर तारणाची अट लादता येत नाही. पुरावा खटल्यात येतो. परवानगीच्या टप्प्यावर मुद्दा खरोखरीचा आहे किंवा कसे, एवढेच पाहायचे असते.

मुंबईहून गेलेल्या मिल्खीराम विरुद्ध चमनलाल ब्रदर्स या १९६५ च्या प्रकरणात न्यायालयाने दुसरी बाजू अधोरेखित केली. बचावाच्या प्रामाणिकपणाविषयी शंका असेल, तर अटी घालण्याचा विवेकाधिकार दावा चालविणाऱ्या न्यायाधीशाला आहे. १९७६ च्या मेकॅलेक इंजिनिअर्स विरुद्ध बेसिक इक्विपमेंट या निर्णयातील कसोट्या पुढे कित्येक वर्षे देशभरातील न्यायालयांत उद्धृत होत राहिल्या.

सध्या पायाभूत मानला जातो तो १५ नोव्हेंबर २०१६ चा आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाऊन हा निर्णय. हे प्रकरणही मुंबई उच्च न्यायालयातून गेले होते. १९७६ ची दुरुस्ती आणि मिल्खीराम प्रकरणातील चार न्यायमूर्तींचा निर्णय लक्षात घेऊन मेकॅलेकमधील कसोट्यांची जागा नव्या सूत्रांनी घेतली. त्या सूत्रांचा सारांश असा :

बचाव भक्कम असून यशस्वी होण्याची शक्यता दिसत असेल, तर परवानगी बिनशर्त द्यावी.

बचाव भक्कम नसला तरी रास्त वाटत असेल आणि तपासण्याजोगे मुद्दे असतील, तरीही सामान्यतः परवानगी बिनशर्त द्यावी.

मुद्दे आहेत, पण प्रतिवादीच्या सद्हेतूविषयी किंवा मुद्द्यांच्या खरेपणाविषयी शंका आहे, अशा वेळी खटला किती काळात व कशा रीतीने चालावा याबाबत, तसेच रक्कम जमा करण्याबाबत किंवा तारण देण्याबाबत अटी घालता येतात.

बचाव शक्य कोटीतला, पण खरा असण्याचा संभव कमी असेल, तर अटी अधिक कडक होतात आणि संपूर्ण मुद्दल व्याजासह जमा करण्यापर्यंत त्या जाऊ शकतात.

बचावात काहीच दम नसेल, तो निरर्थक किंवा केवळ त्रास देण्यासाठी असेल, तर परवानगी नाकारावी आणि वादीला तत्काळ निकाल द्यावा.

मागणीपैकी काही भाग देणे असल्याचे प्रतिवादी मान्य करीत असेल, तर तेवढी रक्कम न्यायालयात भरल्याखेरीज परवानगी मिळत नाही.

हबटाऊन प्रकरणात उच्च न्यायालयाने दिलेली बिनशर्त परवानगी सर्वोच्च न्यायालयाने सशर्त केली आणि सुमारे ४१८ कोटी रुपयांचे मुद्दल जमा करण्याची किंवा तेवढे तारण देण्याची अट घातली. त्यानंतर १८ जानेवारी २०२२ रोजी बी. एल. कश्यप विरुद्ध जेएमएस स्टील्स या प्रकरणात न्यायालयाने समतोल पुन्हा स्पष्ट केला. सशर्त किंवा बिनशर्त परवानगी देणे हा सामान्य नियम असून ती नाकारणे हा अपवाद आहे, असे त्यात म्हटले आहे.

एक काल्पनिक उदाहरण

समजा, वाळूजमधील एका कारखान्याला सुरक्षारक्षक पुरविणाऱ्या संस्थेची दरमहा ३ लाख २० हजार रुपयांप्रमाणे चार महिन्यांची, म्हणजे १२ लाख ८० हजार रुपयांची बिले थकली. मध्यस्थी निष्फळ ठरली आणि संक्षिप्त दावा दाखल झाला. कारखान्याचा बचाव काय आहे, त्यावर निकालाची दिशा बदलत जाते.

कारखाना म्हणतो की काही पाळ्यांत रक्षक कमी होते, म्हणून २ लाख १० हजार रुपये कापले पाहिजेत. उरलेल्या १० लाख ७० हजारांविषयी त्याचे काहीच म्हणणे नाही. येथे मान्य असलेली रक्कम भरल्याशिवाय परवानगीच नाही. वादाचा भाग २ लाख १० हजारांपुरता उरतो.

कारखाना म्हणतो की भांडारातून माल चोरीस गेला आणि रक्षकांच्या निष्काळजीपणामुळे १५ लाखांचे नुकसान झाले. चोरीच्या दुसऱ्या दिवशी पोलिसांत फिर्याद झाली, त्याच आठवड्यात संस्थेला पत्र गेले, बिल रोखल्याचे त्यात कळविले गेले, असे कागद असतील, तर मुद्दा तपासण्याजोगा ठरतो आणि बिनशर्त परवानगीची शक्यता वाढते. हाच आरोप वकिलाची मागणी-नोटीस आल्यानंतर प्रथमच पुढे आला असेल आणि मधल्या काळात बिले मुकाट स्वीकारली गेली असतील, तर न्यायालयाला बचावाच्या खरेपणाविषयी शंका वाटणे साहजिक आहे. तेथे रक्कम जमा करण्याची अट येऊ शकते.

कारखाना म्हणतो की भविष्य निर्वाह निधी आणि राज्य कामगार विमा यांची चलने सादर झाल्यावरच बिल देय होईल, असे करारात लिहिले आहे आणि ती चलने कधीच आली नाहीत. अशी अट करारात खरोखर असेल, तर रक्कम देय झाली किंवा नाही, हाच प्रश्न उभा राहतो. हा बचाव कराराच्या शब्दांतूनच येत असल्यामुळे त्याला वजन असते. संस्थेने चलने पाठविल्याची पोच जपून ठेवली असेल, तर मात्र तो एका कागदात संपतो.

आणि शेवटी, सेवा मिळालीच नाही, असे कारखाना म्हणत असेल तर? वस्तू व सेवा कराच्या कायद्यातील कलम १६ नुसार भरलेल्या कराची वजावट घेण्यासाठी सेवा प्रत्यक्ष मिळालेली असणे ही अट आहे. त्याच बिलांवर वजावट घेतलेली असेल, तर सेवा न मिळाल्याचा बचाव स्वतःच्याच विवरणपत्राशी विसंगत ठरतो. बिलावर आयकराची मूळस्रोत कपात केल्याची नोंदही अशा वेळी पुढे येते. केवळ कपातीवरून संपूर्ण ऋण मान्य झाले, असे मात्र मानता येत नाही.

या उदाहरणातील चारही बचाव खरे असू शकतात आणि खोटेही. परवानगीच्या टप्प्यावर न्यायाधीशासमोर साक्षीदार नसतात. त्यामुळे दाव्याच्या आधी, भांडण चिघळण्यापूर्वी कोणी कोणाला काय लिहिले, हाच खरेपणाचा सर्वांत जवळचा मापदंड ठरतो.

करारात लवादाचे कलम असेल तर

अनेक सेवा करारांत वाद लवादाकडे सोपविण्याचे कलम असते. लवाद व सलोखा अधिनियम, १९९६ च्या कलम ८ नुसार प्रतिवादीला वाद लवादाकडे पाठविण्याची विनंती करता येते. परंतु ती विनंती वादाच्या मूळ विषयावरील पहिले निवेदन देण्यापूर्वी किंवा त्याबरोबरच करावी लागते. गुणदोषांवर सविस्तर शपथपत्र देऊन बसल्यानंतर लवादाची आठवण काढणे उपयोगाचे नसते.

अटीचे पालन आणि पुढील मार्ग

बिनशर्त परवानगी मिळाली, किंवा सशर्त परवानगीतील अट पूर्ण झाली, की दावा नेहमीच्या दिवाणी दाव्याप्रमाणे चालतो. लेखी कैफियत, मुद्दे निश्चिती, साक्षी, उलटतपासणी असे सर्व टप्पे त्यात येतात. दिलेल्या मुदतीत अट पूर्ण झाली नाही, तर वादी तत्काळ निकालास पात्र होतो. म्हणून रक्कम जमा करण्याचा आदेश हा लहान उद्योगासाठी कित्येकदा प्रत्यक्ष निकालाइतकाच जड असतो. तारण किंवा बँक हमी देण्याची मुभा मागायची असेल, तर ती अर्जातच मागितलेली बरी.

सशर्त परवानगीचा आदेश मान्य नसल्यास व्यावसायिक न्यायालयातील दाव्यात मार्ग अरुंद आहे. या कायद्यात अंतरिम आदेशांविरुद्ध पुनरीक्षण अर्जाला मनाई आहे आणि अपीलही मोजक्याच आदेशांविरुद्ध करता येते. त्यामुळे पक्षकार राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयाकडे जातात. छत्रपती संभाजीनगरच्या पक्षकारांसाठी ही दाद मुंबई उच्च न्यायालयाच्या, २७ ऑगस्ट १९८१ रोजी सुरू झालेल्या, औरंगाबाद खंडपीठात मागितली जाते. परवानगी नाकारून हुकूमनामा झाला असेल, तर अपील करता येते आणि त्यात परवानगी नाकारण्याचा आदेशही आव्हानाखाली आणता येतो. मात्र अपिलात स्थगिती हवी असेल, तर रक्कम जमा करण्याचा प्रश्न तेथेही उभा राहतोच.

व्याजाबाबत करारात दर लिहिला असल्यास तो महत्त्वाचा ठरतो. हुकूमनाम्यानंतरच्या काळासाठी संहितेच्या कलम ३४ नुसार सर्वसाधारण मर्यादा दरसाल सहा टक्के आहे. व्यापारी व्यवहारांत ती ओलांडून करारातील दरापर्यंत जाता येते.

अन्य पर्याय

प्रत्येक थकबाकीसाठी संक्षिप्त दावा हाच उत्तम मार्ग असतो, असे नाही. सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास अधिनियम, २००६ खाली नोंदणी झालेल्या सूक्ष्म आणि लघु सेवा संस्थांना सुविधा परिषदेकडे जाता येते. या कायद्यानुसार पैसे देण्याची कमाल मुदत ४५ दिवस असून त्यानंतर बँक दराच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ पद्धतीने व्याज लागते. परिषदेच्या निवाड्याला आव्हान देणाऱ्या खरेदीदारास आधी ७५ टक्के रक्कम भरावी लागते.

नादारी व दिवाळखोरी संहिता, २०१६ चा मार्ग मोठ्या रकमांसाठीच खुला आहे, कारण मार्च २०२० पासून थकबाकीची किमान मर्यादा एक कोटी रुपये आहे. शिवाय मोबिलॉक्स विरुद्ध किरुसा या २०१७ च्या निर्णयानुसार, नोटिशीपूर्वीच खरा वाद अस्तित्वात असल्यास तो अर्ज टिकत नाही. वाद आधीचा की नंतर रचलेला, हा प्रश्न तेथेही कागदांवरच सुटतो.

काय जपून ठेवावे?

सेवा पुरविणाऱ्याने सही झालेला करार व त्याच्या दुरुस्त्या, पुरेसे मुद्रांक शुल्क भरल्याचा पुरावा, प्रत्येक बिलावरील पोच, हजेरीपटावरील कारखान्याच्या अधिकाऱ्याची सही, चलने पाठविल्याची नोंद आणि दरवर्षी घेतलेले शिल्लक-पुष्टीपत्र एकत्र ठेवावे. थकबाकी मागताना दूरध्वनीवर समाधान मानू नये, ई-मेलने मागावे.

सेवा घेणाऱ्यानेही तेवढेच दक्ष राहावे. काम असमाधानकारक असेल तर त्याच महिन्यात लेखी कळवावे, कपात केली असेल तर तिचा हिशेब द्यावा, वादातील आणि बिनवादाची रक्कम वेगळी करून बिनवादाची रक्कम चुकती करावी. न्यायालयाचे समन्स आल्याची तारीख आवक नोंदवहीत लिहून ते त्याच दिवशी वकिलाकडे पोहोचविण्याची जबाबदारी एका विशिष्ट व्यक्तीवर सोपवावी. महिनोन्महिने तक्रार न करणाऱ्याला दहा दिवसांत न्यायालयाला पटेल असा बचाव उभा करणे अवघड जाते. उलट, वेळीच लिहिलेले चार ओळींचे पत्र हाती असेल, तर परवानगीचा अर्ज त्याच्या आधारावर उभा राहू शकतो.